वाचकांचे प्रश्न : ओव्हनमधले कुरकुरीत बटाटे आणि त्यांवरची रोझमेरी

ओव्हनमध्ये भाजलेल्या बटाट्यांविषयी आलेल्या पत्रांची उत्तरे या अंकात एकत्र देत आहे. इंग्लंडमध्ये रविवारच्या जेवणात भाजलेल्या मांसाच्या जोडीला वाढला जाणारा हा पदार्थ आता आपल्याकडच्या घरगुती ओव्हनमध्येही रुळू लागला आहे. त्याला लागणारे साहित्य मोजकेच असल्यामुळे प्रत्येक पायरीवर काय घडते, हे समजून घेणे फार गरजेचे असते. म्हणून पहिल्या प्रश्नाचे उत्तर मी मुद्दाम सविस्तर दिले आहे. पुढची बरीचशी उत्तरे त्यावरच आधारलेली आहेत.

प्रश्न (नाशिक) : मी बटाट्याच्या कच्च्या फोडींना तेल, मीठ आणि रोझमेरीची वाळलेली सुवासिक पाने चोळून त्या २०० अंशांवर पाऊण तास ओव्हनमध्ये ठेवते. फोडी बाहेरून सुरकुततात आणि चिवट होतात, मधे कधीकधी कच्च्याही राहतात. तापमान वाढवले तर रंग येतो, पण कुरकुरीतपणा येत नाही. काय करावे?

उत्तर : आपल्या ओव्हनला दोष देण्याचे कारण नाही. या बटाट्यांचा कुरकुरीतपणा ओव्हनमध्ये जाण्याआधी, उकळत्या पाण्याच्या पातेल्यात ठरत असतो, आणि आपण नेमकी तीच पायरी गाळली आहे. कच्ची फोड सुरीने कापलेली असल्यामुळे गुळगुळीत असते. ओव्हनच्या कोरड्या उष्णतेने तिच्या वरच्या थरातले पाणी उडते, तो थर आक्रसतो आणि चिवट पापुद्रा तयार होतो. कडक, ठिसूळ कवच हवे असेल, तर बाहेरच्या थरातला स्टार्च आधी पाणी शोषून फुगलेला आणि नंतर वाळलेला असावा लागतो. गव्हाचा चीक आधी शिजवल्याशिवाय आणि मग उन्हात वाळवल्याशिवाय कुरडई फुलत नाही, तसेच हे आहे. बटाट्यातला स्टार्च साधारण ६० ते ७० अंश सेल्सिअसला फुगून त्याची खळ होते, आणि त्या खळीतले पाणी पुढे ओव्हनमध्ये उडून गेले की तिचेच कवच बनते.

चार माणसांसाठी एक किलो बटाटे घ्यावेत, त्यांची साले काढावीत आणि चार ते पाच सेंटिमीटरच्या मोठ्या फोडी कराव्यात. फोडी लहान केल्या तर आतला मऊ भाग उरत नाही आणि सगळा बटाटा वाळून जातो. या पदार्थाची खरी गंमत तर कडक कवच आणि आतला लोण्यासारखा गर यांच्या विरोधातच आहे. दोन लिटर पाणी उकळून त्यात चार छोटे चमचे मीठ आणि अर्धा छोटा चमचा खाण्याचा सोडा घालावा. मीठ याच वेळी घालणे आवश्यक आहे, कारण नंतर वरून भुरभुरलेले मीठ आतपर्यंत कधीच पोहोचत नाही. सोड्याचे काम निराळे आहे. बटाट्याच्या पेशी एकमेकींना पेक्टिन नावाच्या द्रव्याने चिकटलेल्या असतात, आणि पाणी किंचित अल्कधर्मी असेल तर हे पेक्टिन लवकर सुटते; त्यामुळे फोडीचा मधला भाग शाबूत राहून कडा मात्र भराभर मऊ होतात. फोडी घातल्यावर पाण्याला पुन्हा उकळी आली की साधारण दहा मिनिटे मोजावीत. सुरीचे टोक सहज आत जावे आणि कडा किंचित झडू लागाव्यात, एवढीच ती खूण आहे.

आपल्याकडे बटाटे उकडायचे म्हटले की हात कुकरकडे जातो, पण येथे कुकर वापरू नये. सालीसकट, अख्ख्या उकडलेल्या बटाट्याच्या पृष्ठभागावर सोड्याचा परिणाम होत नाही, आणि शिट्टीचा अंदाज थोडा जरी चुकला तरी फोडी कापताना त्यांचा लगदा होतो.

आता फोडी चाळणीत निथळत ठेवाव्यात आणि सर्व पाणी गेल्यावर त्याच गरम, कोरड्या पातेल्यात परत टाकून अर्धे-एक मिनिट अगदी मंद आचेवर वाफ उडू द्यावी. या वाफेबरोबर जेवढे पाणी जाईल, तेवढे ओव्हनचे काम हलके होते. म्हणून पातेल्यावर झाकण ठेवू नये आणि घाईही करू नये. त्यानंतर तेल घालून पातेले दोन्ही हातांनी चांगले हिंदकळावे. फोडी एकमेकींवर आपटून त्यांच्या कडा खरबरीत होतील आणि सुटलेला गर तेलात मिसळून प्रत्येक फोडीवर एक दाटसर लेप बसेल. हा लेप पाहून अनेकांना बटाटा बिघडला असे वाटते आणि ते हात आवरता घेतात. कृपया तसे करू नये. गुळगुळीत फोडीपेक्षा खरबरीत फोडीचा पृष्ठभाग कितीतरी अधिक असतो, आणि जेथे जेथे तो तेलाला व उष्णतेला भेटतो तेथे तेथे कवच तयार होते.

ओव्हन २२० अंशांवर पूर्ण तापलेला असावा. घरगुती छोट्या ओव्हनचा दिवा विझला म्हणजे तो तयार झाला असे आपण मानतो, परंतु त्या वेळी आतली हवा तापलेली असली तरी पत्रा आणि जाळी तापलेली नसतात. म्हणून वीस मिनिटे आधी, वरखालच्या दोन्ही कांड्या लावून तो सुरू करावा. फोडींमध्ये बोटभर अंतर ठेवावे. दाटीवाटीने रचलेल्या फोडी एकमेकींच्या वाफेत शिजत राहतात, म्हणून छोट्या ओव्हनमध्ये एक किलो बटाटे दोन खेपांत करावे लागले तरी चालेल. गडद रंगाचा धातूचा ट्रे चकचकीत ट्रेपेक्षा उष्णता अधिक शोषतो आणि फोडींचा तळ चांगला भाजतो. पहिली वीस-पंचवीस मिनिटे फोडींना अजिबात हात लावू नये. कवच तयार झाले की त्या ट्रेपासून आपोआप सुटतात, आणि त्याआधी उलथल्या तर कवच ट्रेलाच चिकटून राहते. दार क्षणभर उघडून कोंडलेली वाफ जाऊ द्यावी, फोडी पातळ उलथन्याने उलटाव्यात आणि पुन्हा पंचवीस ते पस्तीस मिनिटे भाजाव्यात. सर्व बाजूंनी सोनेरी रंग आणि हलवल्यावर येणारा खडखडाट या दोन्ही खुणा मिळाल्या की बटाटे झाले.

प्रश्न (नागपूर) : फेब्रुवारीत हेच बटाटे उत्तम झाले होते. दिवाळीच्या सुमारास त्याच कृतीने केले तर अर्ध्या तासात काळपट तपकिरी झाले, आत कवच नाही आणि चव गोडसर. असे का व्हावे?

उत्तर : फेब्रुवारीतला बटाटा शेतातून नुकताच आलेला होता आणि दिवाळीचा बहुधा शीतगृहातला होता, एवढाच त्यांतला फरक आहे. उत्तर भारतातला रब्बीचा बटाटा फेब्रुवारी-मार्चमध्ये निघतो आणि खाण्याचा माल २ ते ४ अंशांच्या शीतगृहात वर्षअखेरपर्यंत साठवला जातो. इतक्या थंडाव्यात बटाट्याला कोंब फुटत नाहीत, पण त्यातल्या स्टार्चचे हळूहळू साखरेत रूपांतर होते. ही साखर प्रथिनांच्या घटकांशी संयोग पावून फार लवकर रंग धरते, म्हणून कवच वाळण्याआधीच फोड काळवंडते आणि कडवट लागते. भाजीत ही गोष्ट लपून जाते; ओव्हनमध्ये ती उघडी पडते.

शीतगृहातला बटाटा आणला असल्यास तो दोन-तीन आठवडे टोपलीत, हवेशीर आणि अंधाऱ्या जागी ठेवावा. साध्या तापमानाला काही साखर कमी होते. फोडी केल्यावर भरपूर पाण्यात अर्धा तास भिजवाव्यात, ते पाणी फेकून द्यावे, आणि ओव्हन २०० अंशांच्या वर नेऊ नये. घरच्या फ्रिजमध्ये भाजण्यासाठीचे कच्चे बटाटे ठेवू नयेत, कारण तेथेही तेच घडते. शिवाय गडद भाजलेला बटाटा टाळण्याचे आणखी एक कारण आहे. स्टार्चयुक्त पदार्थ १२० अंशांपेक्षा अधिक तापवले की त्यांत अ‍ॅक्रिलामाइड हे नको असलेले द्रव्य तयार होते, हे २००२ मध्ये स्वीडनच्या संशोधकांनी दाखवून दिले. बटाट्यात साखर जितकी जास्त आणि रंग जितका गडद, तितके त्याचे प्रमाणही जास्त असते. सोनेरी रंगावर थांबणे चवीलाही चांगले आणि प्रकृतीलाही.

जातीचाही विचार करावा. भाजण्यासाठी पिठूळ बटाटा हवा, म्हणजे ज्यात पाणी कमी आणि स्टार्च अधिक असतो. सिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेने विकसित केलेल्या वाणांपैकी कुफरी चिप्सोना हा वेफर्ससाठीचा बटाटा या कामाला सर्वांत योग्य आहे, १९६८ मध्ये प्रसारित झालेला कुफरी ज्योतीही चालतो, तर कुफरी पुखराज पाणचट असल्यामुळे रश्श्यासाठी ठेवावा. अडचण अशी, की भाजीवाल्याकडे वाण विचारला तर बहुधा आग्रा, इंदूर, तळेगाव अशी गावांची नावे ऐकू येतात. अशा वेळी एक वाटी मीठ अकरा वाट्या पाण्यात विरघळवून त्यात अख्खा बटाटा सोडून पाहावा. बुडाला तर पिठूळ, तरंगला तर पाणचट. पुणे जिल्ह्यात खेड तालुक्यात आणि आंबेगावच्या सातगाव पठारावर खरिपाचा बटाटा पिकतो. उत्तरेकडचा माल शीतगृहातून येत असतो त्याच काळात तो निघतो, तेव्हा त्या भागातल्या वाचकांनी तोच शोधून घ्यावा.

प्रश्न (पुणे) : गच्चीवरच्या कुंडीत रोझमेरी छान वाढली आहे. बटाट्यांबरोबर ती ओव्हनमध्ये घातली की करपते, आणि लसूण तर कोळसा होतो. शेवटी घातली तर स्वाद उतरत नाही. नेमकी केव्हा घालावी?

उत्तर : दोन्ही वेळा घालावी, पण निराळ्या रूपात. रोझमेरी, थाइम, सेज यांचा सुवास त्यांच्या पानांतल्या तेलांत असतो आणि ती तेले पाण्यापेक्षा स्निग्ध पदार्थात फार चांगली विरघळतात. म्हणून आधी तेलालाच स्वाद द्यावा. एक किलो बटाट्यांसाठी चार मोठे चमचे तेल छोट्या कढल्यात घ्यावे, त्यात दोन मोठे चमचे बारीक चिरलेली ताजी रोझमेरी, पाच-सहा लसूण पाकळ्या बारीक करून आणि थोडी जाडसर कुटलेली मिरी घालावी, आणि मध्यम आचेवर लसूण नुकता सोनेरी होईपर्यंत, साधारण तीन मिनिटे, हलवत राहावे. लगेच गाळून घ्यावे. वेळ दवडला तर गरम तेलात लसूण पुढे शिजत राहतो आणि कडू होतो. गाळलेले तेल पातेल्यातल्या फोडींवर घालून हिंदकळावे, आणि गाळणीत उरलेली रोझमेरी व लसूण बाजूला झाकून ठेवावे. बटाटे ओव्हनमधून निघताच, गरम असतानाच, ते त्यांत मिसळावेत. अशा रीतीने कवचात मुरलेला स्वाद आणि वरचा ताजा दरवळ दोन्ही मिळतात, आणि करपण्याचा प्रश्नच येत नाही.

हा नियम काडीदार, जाड पानांच्या वनस्पतींना लागू आहे. पार्सली, शेपू, कोथिंबीर, पुदिना ही कोवळी पाने तेलात तळू नयेत आणि ओव्हनमध्येही घालू नयेत. ती वाढण्याच्या क्षणी चिरून भुरभुरावीत. वाळलेली रोझमेरी वापरायची असल्यास ताज्याच्या एक तृतीयांश घ्यावी आणि हाताने चुरडावी, नाहीतर ती दाताखाली काडीसारखी लागते. पिझ्झाबरोबर येणाऱ्या पुड्यांमधली मिश्र पाने मी या पदार्थासाठी सुचवणार नाही. त्यांत ओरेगॅनो, मिरची आणि मीठ यांचाच जोर असतो आणि सगळ्या पदार्थांना एकच वास येतो. एका वेळी एक, फार तर दोन वनस्पती घ्याव्यात.

रोझमेरी मिळत नसेल तर खंत करू नये. थाइमचा मुख्य स्वाद थायमॉल या द्रव्याचा आहे, आणि आपल्या ओव्यातही तेच मुबलक असते. पाव छोटा चमचा ओवा तेलात तडतडू दिला तर बटाट्यांना थाइमच्या फार जवळचा स्वाद येतो. ज्याची भजी करतात तो पानओवाही या कामी चांगला, मात्र त्याची मांसल पाने पाणी सोडतात, म्हणून ती अगदी बारीक चिरून तेलात पूर्ण तळून घ्यावीत. कढीपत्ता मला स्वतःला या बटाट्यांवर अतिशय आवडतो, आणि तो घालताना आपण काही कमअस्सल करत आहोत असे कोणी मानू नये. आपल्या कुंडीविषयी एक सूचना : रोझमेरी ही भूमध्य समुद्राकाठच्या कोरड्या, निचऱ्याच्या जमिनीतली वनस्पती असल्यामुळे पुण्याच्या पावसाळ्यात ती मुळे कुजून मरते. जून ते सप्टेंबर कुंडी वळचणीखाली घ्यावी आणि मातीत वाळूचे प्रमाण वाढवावे.

प्रश्न (लेस्टर, इंग्लंड) : इकडच्या स्नेह्यांना रविवारी जेवायला बोलावले आहे. येथे बटाटे हंसाच्या किंवा गोमांसाच्या चरबीत भाजतात, आणि त्यामुळेच ते तसे होतात असे सगळे सांगतात. आम्ही शाकाहारी आहोत. तेलात ती खुमारी येईल का?

उत्तर : येईल, आणि साजूक तूप वापरले तर कोणाला कमतरता जाणवणार नाही. त्या चरबीचे दोन गुण आहेत : ती मोठ्या उष्णतेला टिकते आणि तिला स्वतःची चव असते. तुपात हे दोन्ही आहेत. चांगले कढवलेले, बेरी पूर्णपणे गाळून काढलेले तूप साधारण २५० अंशांपर्यंत धुरावत नाही. बेरीचे कण राहिले तर मात्र ते करपून काळे ठिपके पडतात. मी अर्धे तूप आणि अर्धे रिफाइंड शेंगदाणा तेल घेण्याची शिफारस करेन, कारण नुसत्या तुपातले बटाटे थंड होताना जड वाटतात. आपल्याला प्रिय असलेले घाण्याचे शेंगदाणा तेल येथे नको. त्याचा वास सुंदर असला तरी ते २२० अंशांच्या पुष्कळ आधी धुरावू लागते. ऑलिव्हचे अस्सल तेल २०० अंशांपर्यंत चालते.

तिकडे इंग्लंडमध्ये बटाट्यांची निवड मात्र हेवा वाटावा अशी आहे. १९६६ पासून पिकवला जाणारा मॅरिस पायपर किंवा १९०२ पासूनचा किंग एडवर्ड यांपैकी कोणताही घ्यावा. दोन्ही पिठूळ आहेत. तेथे ट्रेमधले तेल आधी ओव्हनमध्ये कडक तापवून त्यात फोडी सोडण्याची रीत आहे. तिने तळ लवकर भाजतो, परंतु फोडीवर पाण्याचा अंश राहिला असेल तर तेल अंगावर उडते, म्हणून सवय नसल्यास पहिल्या उत्तरातली रीतच बरी. आणि बाहेर जेवायला गेल्यावर बटाटे कशात भाजले आहेत, हे आपण जरूर विचारावे. तेथे भाजीबरोबर वाढलेले बटाटेही अनेकदा चरबीतले असतात.

प्रश्न (लातूर) : आमच्याकडे बोअरचे पाणी आहे. फोडी पंधरा मिनिटे उकळल्या तरी कडा मऊ होत नाहीत.

उत्तर : ज्या कारणाने या पाण्यात तूरडाळ शिजत नाही, तेच कारण येथेही आहे. जड पाण्यातले कॅल्शियम पेक्टिनला घट्ट बांधून ठेवते. शक्य असल्यास उकळण्यापुरते पिण्याचे गाळलेले पाणी घ्यावे. तसे नसल्यास सोडा पाऊण छोट्या चमच्यापर्यंत वाढवावा, त्यापुढे नाही. अधिक सोड्याने बटाट्याला साबणाची चव येते. चिंच, लिंबू किंवा व्हिनेगर उकळताना घालू नये, कारण आंबटपणानेही कडा कडकच राहतात.

प्रश्न (कोल्हापूर) : ओव्हन नाही, एअर फ्रायर आहे. त्यात होतील का? आणि तव्यावर?

उत्तर : एअर फ्रायरमध्ये उत्तम होतात, कारण त्यातली वेगाने फिरणारी हवा वाफ बाहेर काढते. उकळणे, वाळवणे, हिंदकळणे सर्व तसेच करावे, फोडी थोड्या लहान घ्याव्यात, आणि जाळीवर एकच थर ठेवून २०० अंशांवर वीस ते पंचवीस मिनिटे भाजाव्यात. बिडाच्या तव्यावर फक्त टेकलेल्या बाजू भाजतात. तेव्हा फोडींऐवजी जाड चकत्या कराव्यात आणि झाकण न ठेवता मध्यम आचेवर दोन्हीकडून निवांत भाजाव्यात.

प्रश्न (ठाणे) : पाहुण्यांसाठी तासभर आधी करून कॅसरोलमध्ये ठेवले तर मऊ पडतात. उपाय?

उत्तर : कॅसरोलमध्ये ते मऊच पडणार, कारण आतल्या गराची वाफ बाहेर येऊन कवचात जिरते. भाजलेले बटाटे कशानेही झाकू नयेत, फॉइलनेसुद्धा नाही. आधीची तयारी करायची असेल तर फोडी तेलात हिंदकळण्यापर्यंत आणाव्यात, ट्रेवर सुट्या पसराव्यात, गार करून तशाच न झाकता फ्रिजमध्ये ठेवाव्यात. दुसऱ्या दिवशीपर्यंत त्या चांगल्या राहतात, किंबहुना फ्रिजच्या कोरड्या हवेने पृष्ठभाग आणखी वाळतो. पाहुणे येण्याआधी तासभर त्या थेट गरम ओव्हनमध्ये घालाव्यात आणि पहिली वाढप होताच टेबलावर आणाव्यात. भाजून झालेले उरले तर २०० अंशांवर दहा मिनिटे ठेवावेत; मायक्रोवेव्हमध्ये ठेवू नयेत.

प्रश्न (सातारा) : हे बटाटे उपवासाला चालतील का?

उत्तर : बटाटा, साजूक तूप, सैंधव आणि जिरे एवढेच घेतले तर बहुतेक घरांत चालावेत. ज्या घरी खाण्याचा सोडा उपवासाला वर्ज्य मानतात, त्यांनी तो गाळून फोडी चार-पाच मिनिटे अधिक उकळाव्यात आणि पातेले थोडे जोराने हिंदकळावे. कोथिंबीर आणि मिरी यांबाबत घरोघरी निराळी रीत आहे, तेव्हा आपल्या घरची पाळावी. रोझमेरीविषयी परंपरेचा काहीच निर्णय नाही. जिऱ्याचा आणि तिचा मेळ चांगला बसत नाही, म्हणून मी ती त्या दिवशी घालणार नाही. वाढताना वर भाजलेल्या शेंगदाण्याचे जाडसर कूट आणि बाजूला घट्ट दही असावे.